कासूला कधीच नसलेला स्टेशनमास्तर

वसंतमामा गेल्याचा फोन रोह्याहून सकाळी सव्वासातला आला. शैलावहिनी, म्हणजे त्याची सून, एवढंच म्हणाली, "सुनंदाताई, अण्णा गेले. चहा मागितला होता, मी घेऊन येईपर्यंत..." पंचाण्णवावं लागलेलं माणूस कधीतरी जाणारच, असं स्वतःला बजावत मी पिशवी भरायला घेतली. निघण्याआधी आमच्या पेणच्या निवृत्त शिक्षकांच्या ग्रुपवर दोन ओळी टाकल्या, माझे मामा गेले, आज भजनाला येत नाही. रोह्याच्या गाडीत बसल्यावर मोबाइल उघडला, तर देसाई सरांनी लिहिलं होतं, 'कासू स्थानकाचे माजी स्टेशनमास्तर, प्रवाशांचे लाडके, कर्तव्यदक्ष वसंतराव यांना भावपूर्ण श्रद्धांजली.' त्याखाली जोडलेल्या हातांच्या चित्रांची ही रांग! कोणीतरी आगगाडीचं इंजिनही टाकलं होतं आणि मला रडू फुटलं ते त्या इंजिनाने. कारण माझा मामा उभ्या आयुष्यात एक दिवससुद्धा रेल्वेत नव्हता. तो सिनेमे लिहायचा. त्याला रेल्वेत मी घातला, आणि मेल्यावरही बिचारा तिथून सुटला नाही. तो जिवंत असताना, त्याच्यासमोर, चारचौघांत मला हे सांगायचं होतं. तीस-पस्तीस वर्षांत जमलं नाही. आज दीड महिन्याने लिहायला बसले आहे ती तेवढ्याचसाठी.

मामाचे सिनेमे तुम्ही पाहिलेले नसणार. ते आता कुठे मिळतही नाहीत. सगळे काळे-पांढरे, तीन-चार आठवड्यांत उरकलेले, आणि नावात एकतर खंजीर नाहीतर कवटी. हिरो बहुधा पैलवान असायचा, त्याला चार वाक्यांच्या वर बोलता यायचं नाही. हिरोइनच्या हातात चाबूक. मामा विशीत रोह्याहून मुंबईला गेला तेव्हा आजोबांनी, ते मास्तर, घरी भातशेती, गावात मान, एकच अट घातली होती, 'घराण्याचं आडनाव पडद्यावर दिसता कामा नये.' म्हणून मामा झाला कुमार वनराज. संवाद दुसरे एक मुन्शीजी लिहायचे, कारण मामाचं हिंदी रोह्याच्या बाजारातलं. गोष्ट आणि प्रसंग मात्र सगळे ह्याचे. तेही कसे, तर निर्माता आधी यादी सांगायचा. वाघ आहे, पण म्हातारा आहे, त्याला पळवू नका. राजवाड्याचा सेट दुसऱ्या कंपनीचा आहे, मंगळवार ते गुरुवार रिकामा. विहीर आहे, पण कोरडी. एवढ्यात काय ते बसवा. आणि मामा बसवायचा! आदल्या दिवशीचं उरलंसुरलं घेऊन आपण थालीपीठ लावतो ना, तसंच ते. म्हाताऱ्या वाघाला त्याने आंधळ्या राणीच्या पायाशी बसवलं आणि राणीला वाटतं तो कुत्रा आहे. पिटातले लोक त्या प्रसंगाला जागच्या जागी उभे राहायचे म्हणे.

त्याची लिहायची रीत मला लहानपणापासून माहीत होती, कारण तिची सुरुवात आमच्याच मुलखात व्हायची. नवीन सिनेमा मिळाला की मामा दोन दिवस रजा काढून पेणला उतरायचा आणि तिथून हमरापूरला, गणपतींच्या एका कारखान्यात. तिथल्या मूर्तिकारांशी त्याची जुनी दोस्ती. गणपतीचे हात-सोंडा करून उरलेली शाडूची माती असायची, तिच्यातून ते मामाला बोटभर उंचीची माणसं करून द्यायचे. हा राजा, ही राणी, हा दरोडेखोर, हा पैलवान. रंग नाही, नाक-डोळे नाहीत, नुसते आकार. बिस्किटांच्या डब्यात जुन्या धोतराच्या चिंध्या घालून त्यांत ही माणसं निजवून तो मुंबईला न्यायचा. खोलीवर कॅरमचा बोर्ड मांडून त्यावर त्यांना हलवत बसायचा. चार कोपऱ्यांची चार भोकं म्हणजे चार दारं. आणि एक नियम होता. गोष्टीत ज्याचं काम संपलं, तो त्याच दिवशी पाण्याच्या बादलीत. शाडू पाण्यात विरघळते, पेणच्या पोराबाळांनाही हे ठाऊक असतं. मी विचारलं होतं, "मामा, ठेवलं तर काय बिघडलं?" तर म्हणाला, "समोर राहिला की मोह होतो गो. वाटतं, परत आणावा. आणि परत आणला की गोष्ट बोंबलली." मी तशी चौकस, म्हटलं, "आणि भूत असलं तर?" मामाने जरासुद्धा विचार केला नाही. "भुताला गुडघ्यापर्यंत बुडवायचं. पाय गेले की झालं भूत. बाकी माणूस तसाच."

आता भुतावरूनच आमचं बिनसलं. मी नऊ-दहा वर्षांची असताना मामाचा एक भुताचा सिनेमा रोह्यात तंबूत लागला. अख्खं गाव लोटलं. मामाने लिहिलेला सिनेमा म्हणून मी पुढच्या ओळीत ऐटीत बसले, फ्रॉकला इस्त्री वगैरे करून. भूत धुरातून येतं, त्याला पाय नाहीत, ते सुनेला विचारतं, 'माझं जेवण वाढलंस का?' बायका किंचाळल्या, पोरं हसली, मध्येच रीळ तुटलं, तेव्हा तर काय, शिट्ट्याच शिट्ट्या. दुसऱ्या दिवशी शाळेत माझं नाव पडलं, भुताची भाची. मॅट्रिक होईपर्यंत ते नाव सुटलं नाही. मुली डबा उघडताना विचारायच्या, "गो सुनंदे, तुझ्या भुताला वाढलंस का?" मी घरी येऊन उशीत तोंड खुपसून रडायचे आणि मामाला मनातल्या मनात बोल लावायचे. मामाला हे कळलं की नाही, देव जाणे. मी कधी सांगितलं नाही.

पुढे रंगीत सिनेमे आले, मोठमोठे नट आले, आणि मामाच्या कंपन्या एकेक करून बसल्या. चाळिशीत तो डबा आणि कॅरमबोर्ड घेऊन रोह्याला परतला. आम्हाला वाटलं, आता हा खचणार. कुठला खचतोय! कचेरीसमोरच्या झाडाखाली टेबल टाकून लोकांचे अर्ज लिहून द्यायला लागला. जातीचा दाखला, रेशनकार्ड, हद्दीचं भांडण, काय असेल ते. नदीकाठच्या वाडीवरच्या कातकरी बायका त्याच्याकडेच यायच्या, दुसऱ्या कोणाकडे जायच्या नाहीत. मी एकदा शेजारी बसून ऐकलंय. एक बाई आली, दोन शब्द बोलली आणि गप्प झाली. मामाने पेन खाली ठेवलं. "घाई नाय बाय. पयलं सांग, त्या दिवशी घरात कोण कोण व्हतं?" आणि ती बाई सांगत सुटली. एरवी आमच्या घरात शुद्ध बोलण्याचा केवढा बडेजाव, पण मामा समोरच्याच्या बोलीत शिरायचा ते त्या माणसाला कळायचंही नाही. त्याचा अर्ज वाचून साहेबसुद्धा मान वर करून विचारायचे, 'मग पुढे काय झालं?'

अशा माणसाला मी रेल्वेत घातला. मी तेव्हा पेणला शाळेत शिक्षिका, नवीन घर बांधलेलं, वास्तुशांतीला सगळा शिक्षकवर्ग जेवायला. मामा रोह्याहून आला, कडक इस्त्रीचा सदरा, साठीचा पण ताठ. देसाई सर आमच्या शाळेत गणित शिकवायचे, त्यांना माणसांची भारी हौस. पंगतीत मामाच्या शेजारी बसून त्यांनी विचारलं, "आपण काय करत होता?" मामा तोंड उघडणार तेवढ्यात मी वाढता वाढता म्हणाले, "रेल्वेत होते. झाले आता निवृत्त." का म्हणाले? तर सरांच्या पलीकडे रोह्याच्या माझ्या वर्गातली एक मुलगी, आता आमच्याच शाळेतल्या एका सरांची बायको, बसली होती. तिने मला अजून ओळखलं नव्हतं. सिनेमा म्हटल्याबरोबर ओळखलं असतं आणि त्या भरल्या पंगतीत मला पुन्हा भुताची भाची केलं असतं. बस, एवढंच कारण. मामाने माझ्याकडे एकदा पाहिलं. एकदाच. मग भातावर वरण ओतून घेत शांतपणे म्हणाला, "हो, शेवटी कासूला होतो. स्टेशनमास्तर." आणि कुठेतरी ऐकलेली, रुळावर बसलेल्या एका म्हशीची गोष्ट त्याने अशी रंगवली, की देसाई सरांना ठसका लागला. रेल्वे येऊन तेव्हा फार वर्षं झालेली नव्हती, तर तेही त्याने गोष्टीत बरोबर बसवलं, म्हणे, म्हशीला अजून गाडीची सवय नव्हती.

संध्याकाळी त्याला पेण स्टेशनवर सोडायला गेले. मला वाटलं, आता बोलणार. गाडी दिसायला लागल्यावर तो म्हणाला, "सुनंदे, पात्र द्यायचं तर आधी सांगावं गो माणसाला. निदान टोपी तरी आणली असती." बस! रागावला असता तर बरं झालं असतं. मी पाया पडून मोकळी झाले असते. पण हा पडला लेखक, त्याने माझं खोटं अंगावर घेतलं आणि नीटनेटकं करून दिलं.

पुढे कळलं, त्या आठवड्यात तो तीन दिवस कासू स्टेशनच्या बाकड्यावर जाऊन बसला होता. गाड्या कधी येतात, घंटा कशी देतात, पावसात पाणी कुठवर चढतं, मासळीची टोपली घेऊन येणाऱ्या बायका कुठल्या डब्यात शिरतात, सगळं टिपून आणलं. मग दर वर्षी गणपतीला आमच्याकडे आला की कासूचे स्टेशनमास्तर हजर. देसाई सर त्याला गाड्यांच्या वेळा विचारायचे आणि तो बिनचूक सांगायचा. मी स्वयंपाकघरात धास्तावलेली, की आता काही चुकेल, आता रोह्याचं कोणी टपकेल. माझी ती वर्गमैत्रीण तर बदली होऊन कधीच निघून गेली होती. खोटं बोलायचं कारण उरलं नव्हतं, खोटं मात्र राहिलं. दर गणपतीत ठरवायचे, यंदा सांगून टाकायचं. आणि आरतीनंतर मामा गोष्ट सुरू करायचा, सगळे मांडी घालून बसायचे, की मी प्रसाद वाटायला उठायचे.

एकदा तर कहर झाला. पेणच्या नेहमीच्या प्रवाशांच्या एका मंडळाने जुन्या रेल्वे कर्मचाऱ्यांचा सत्कार ठरवला आणि देसाई सरांनी मामाचं नाव पुढे केलं. मी मामाला फोन करून म्हटलं, "तू आजारी आहेस असं कळवते." तर म्हणाला, "कशाला? बोलावलंय तर येतो की." सूत्रसंचालन माझ्याकडे, कारण मराठीच्या बाई. मामा व्यासपीठावर खुर्चीत बसलेला, माईक माझ्या हातात, समोर सगळं गाव. तीच वेळ होती हो! एका वाक्याचं काम होतं. माझे मामा सिनेमे लिहायचे, पिटातल्या माणसांसाठी लिहायचे, आणि मला त्याची लाज वाटली, एवढंच. मी मामाकडे पाहिलं. त्याने डोळे मिटून घेतले होते, हात मांडीवर. मी म्हणाले, "ज्यांनी कासूसारख्या छोट्या स्थानकावर निष्ठेने सेवा केली..." आणि पुढचं मला आठवत नाही. शाल, श्रीफळ, टाळ्या. कार्यक्रम संपल्यावर कासूचे एक वयस्क शेतकरी मामाजवळ आले. ते हळूच म्हणाले, "मास्तर, तुमी कासूला कदी नव्हतात. तीन दिस बाकड्यावर बसलेलं तेवढं मी बगितलंय. पन आता सांगितलंत ता म्हशीचं खरं हाय. आमचीच व्हती ती." दोघे एकमेकांचा हात धरून पोटभर हसले. घरी आल्यावर मामाने शाल माझ्या हातात दिली. "ही तुझी. स्टेशनमास्तर तू लिहिलास, मी नुसता उभा राहिलो." त्याच्या उभ्या आयुष्यातला तो एकुलता एक सत्कार. जे काम त्याने कधी केलंच नाही, त्याचा.

शेवटची भेट जाण्याआधी तीन आठवडे. रोह्याच्या घरातली त्याची मागची खोली, खिडकीत ऊन, भिंतीला टेकवलेला कॅरमबोर्ड. तो अगदी वाळून गेला होता, पण दाढी केलेली. मला पाहून म्हणाला, "आता कासूला कोण आहे गो?" थट्टा करतोय की खरंच भ्रमलाय, मला कळेना. मी म्हटलं, "तुझ्या जागी कोणी आलंच नाही, मामा." "मग गाडी कोण सोडतं?" मला राहवलं नाही. त्याचा हात धरला आणि म्हटलं, "मामा, माझं चुकलं रे. मी तुला..." त्याने बोट ओठांवर ठेवलं. "मध्ये बोलायचं नाय. सीन चालू आहे." निघताना दारातून वळून पाहिलं, तर त्याने पडल्या पडल्या उजवा हात वर करून सावकाश हलवला, गाडीला झेंडी दाखवतात तसा. मी रस्त्यावर येऊन रडले.

दिवस-वार झाल्यावर शैलावहिनीने तो बिस्किटांचा डबा माझ्यासमोर ठेवला. आत चिंध्यांमध्ये एकच माणूस. डोक्यावर टोपी, हातात झेंडी, आणि ह्याला चक्क डोळे. ती माती जुनी दिसेना. मी डबा तसाच घेऊन हमरापूरला गेले. जुने मूर्तिकार कधीच गेले, आता त्यांची मुलगी मंदा कारखाना बघते, गणपतींच्या डोळ्यांची आखणी तीच करते. माझ्याच वयाची, बोटांना कायम रंग. तिने पाहिल्याबरोबर ओळखलं. "व्हय, मीच केलाय. किती येळा केला ता इचारू नका. हात मोडला की मामा यायचे, तडा गेला की यायचे. गणपतीच्या आदी तर येनारच. 'मंदे, उद्या पेणला ड्युटी हाय, ह्याला नीट कर.'" मी विचारलं, "आणि डोळे गो? मामाच्या माणसांना तर डोळे नसायचे." मंदा म्हणाली, "मी पन इचारलं. तर म्हनले, बाकीची मी लिवलेली. हा माझ्या भाचीनं लिवलाय, ह्याला दिसलं पायजे." बोटांचा रंग पुसत ती म्हणाली, "मागं एकदा मीच म्हटलं, मामा, आता बुडवूया ह्याला, वय झालं तुमचं. तर नाय म्हनले. त्याला बुडवायचा तर सुनंदा बुडवील, आपन हात लावायचा नाय."

तीस-पस्तीस वर्षं तो वाट बघत होता तर! एका शब्दाने कधी टोचलं नाही, आणि वाट बघत होता. मंदाच्या कारखान्यात, रंग न दिलेल्या शंभरेक गणपतींच्या मध्ये स्टुलावर बसून मी मोबाइल काढला आणि ग्रुपवर सगळं लिहिलं. चष्मा सारखा ओला होत होता, शुद्धलेखनाचे बारा वाजले, मराठीच्या बाईंच्या! तंबूतला सिनेमा, भुताची भाची, वास्तुशांतीची पंगत, सत्कार, काही ठेवलं नाही. दोन दिवस ग्रुपवर चिटपाखरू बोललं नाही. तिसऱ्या दिवशी देसाई सरांचा फोन. बराच वेळ नुसते खाकरत राहिले. मग म्हणाले, "बाई, म्हणजे ती म्हैस खोटी?" मी म्हटलं, "नाही हो सर. म्हैस खरी. मास्तर तेवढा खोटा." मग म्हणाले, "त्या वाघाचं काय लिहिलंयत, आंधळ्या राणीच्या पायाशी बसलेल्या... ते जरा नीट सांगा बघू." मी सांगितलं. अर्धा तास सांगत होते.

मग काल दुपारी पितळेच्या पातेल्यात पाणी घेतलं, टेबलावर ठेवलं आणि डबा उघडला. स्टेशनमास्तरचं काम संपलं होतं. नियम म्हणजे नियम. त्याला दोन बोटांत धरून पाण्यात सोडणार, तर तो टोपीखालून माझ्याकडे बघतोय, मंदाने आखलेल्या त्या डोळ्यांनी. मामा म्हणाला होता, समोर राहिला की मोह होतो. झाला मला मोह. मी त्याला गुडघ्यापर्यंतच पाण्यात धरला. बोटं अवघडली तरी धरून ठेवला. हळूहळू पाय सुटले, पाणी गढूळ झालं, आणि मी त्याला बाहेर काढला.

आता तो माझ्या टेबलावर आहे. पाय नाहीत म्हणून उभा राहत नाही, चष्म्याच्या घराला टेकवून ठेवलाय. आज सकाळी दूध द्यायला आलेल्या बाईने विचारलं, "ताई, ह्यो कोन गो?" मी म्हटलं, "माझा मामा. भुतांचे सिनेमे लिहायचा."